आळंदी रोड, सुधारित आवृत्ती

प्रसेनजित डोंगरेच्या गाण्याला चांगलं म्हटलं की त्याचं तोंड उतरतं. हे माझ्या लक्षात यायला फार वेळ लागला, कारण मी सहसा कशालाच चांगलं म्हणत नाही. मी ज्युनियर कॉलेजात इंग्रजी शिकवतो आणि एका मराठी दैनिकाच्या पुरवणीत अधूनमधून नाटकांवर लिहितो. दोन्हीकडे माझी नेमणूक चुका काढण्यासाठीच आहे. पण एकदा केवळ शेजारधर्म म्हणून मी "बरं जमलंय रे" असं बोलून गेलो.

तो आमच्या बाहेरच्या खोलीत उभा होता. बसलेला प्रसेन मी क्वचितच पाहिलाय. त्याने गाडीची किल्ली या बोटातून त्या बोटात फिरवली आणि विचारलं, "बरं म्हणजे? नक्की काय बरं? कुठल्या गाण्यात, कुठल्या ओळीला?"

मी म्हटलं, "एकूणच."

"एकूणच म्हणजे तुम्ही ऐकलेलं नाही, सर," तो म्हणाला आणि टेबलावरची सीडी उचलून घेऊन गेला. भेट दिलेली वस्तू देणाऱ्यानेच परत नेण्याचा प्रकार आमच्या घरात पहिल्यांदा घडला. पुढे त्याचीही सवय झाली.

विश्रांतवाडीत आळंदी रोडपासून थोडं आत आमची सोसायटी आहे. प्रसेन आमच्या डोक्यावर राहतो, म्हणजे बरोबर वरच्या फ्लॅटमध्ये. घरात तो आणि त्याचे बाबा, दोघंच. आई बऱ्याच वर्षांपूर्वी गेली. डोंगरे मूळचे भंडाऱ्याकडचे. नोकरीसाठी तरुणपणी इकडे आले, खडकीच्या दारूगोळ्याच्या कारखान्यात तपासणी खात्यात लागले आणि तिथूनच निवृत्त झाले. त्या काळी पुण्यातल्या प्रत्येक घरातला एक तरी मुलगा कॉम्प्युटरसमोर बसून अमेरिकेचं काहीतरी दुरुस्त करत होता. डोंगऱ्यांच्या घरातला हा. कल्याणीनगरच्या एका कंपनीत तो टेस्टर होता. तिकडच्या कुठल्याशा विमा कंपनीचं सॉफ्टवेअर दिवसभर वापरून बघायचं आणि ते कुठे अडखळतं ते शोधायचं. सापडलेल्या प्रत्येक चुकीला ते लोक बग म्हणत. बगला नंबर द्यायचा, तो किती गंभीर आहे ते ठरवायचं, मग तो दुरुस्त झाला की नवीन व्हर्जन काढायचं. हे सगळं त्याने मला जिन्यात सांगितलं, एका पायरीवर उजवा आणि दुसऱ्या पायरीवर डावा पाय ठेवून. मी ते शिस्तीत ऐकून घेतलं, कारण ही पद्धत तो उद्या गाण्यांना लावणार आहे याची मला कल्पना नव्हती.

गाणी मात्र तो कॉलेजपासून करत होता. रॉक, तेही मराठीतून. शब्द त्याचे, चाली त्याच्या, गिटार त्याची, आणि ड्रम वाजवणारा मित्र लग्न होऊन अमेरिकेला गेल्यामुळे ड्रम कॉम्प्युटरचे. मागच्या खोलीत भिंतींना गाद्या उभ्या करून त्याने स्टुडिओ केला. दर रविवारी सकाळी आमच्या छतातून धम्म धम्म असा आवाज यायला लागला. त्यात एका गाण्याच्या नाजूक जागी आमच्या कुकरची शिट्टी घुसली, म्हणून याने सोसायटीच्या फळ्यावर सूचना लावली: "रविवारी सकाळी दहा ते अकरा कुकर लावू नयेत. ध्वनिमुद्रण चालू असते." दुपारपर्यंत त्याखाली कुणीतरी लिहिलं, "जेवण्यास परवानगी आहे का?" त्यावर प्रसेनने गंभीरपणे उत्तर लिहिलं, "आहे. अकरानंतर."

अल्बमचं नाव 'आळंदी रोड'. ट्रॅफिकमध्ये अडकलेली गाणी, कंपनीच्या गाडीत पेंगणाऱ्या मुलींचं गाणं, चालू न होणाऱ्या स्कूटरचं गाणं. सीडी त्याने घरीच काढल्या, कव्हरवर रस्त्याच्या दुभाजकावर बसलेला स्वतःचा फोटो टाकला आणि कॅम्पापासून कात्रजपर्यंत जो दुकानदार नाही म्हणाला नाही त्याच्याकडे ठेवल्या. त्यातल्या एकाने नाव वाचून त्या अभंगांच्या कप्प्यात लावल्या. सुरुवातीचा बहुतेक खप या कप्प्यातूनच झाला. एका वयस्कर बाईंचं पत्रही आलं. पहिल्या गाण्याला घरात काहीतरी फुटलं असं वाटून त्या उठून स्वयंपाकघरात जाऊन आल्या होत्या. तिसरं गाणं मात्र त्यांना आवडलं होतं, फक्त त्यात देवाचं नाव नाही एवढीच तक्रार होती.

दुसरा कुणी असता तर हसला असता. प्रसेन जिन्यातूनच बोलत आमच्याकडे आला. "सर, बग नंबर एक. पहिल्या गाण्याची सुरुवात फार अंगावर येते. बाईंचा मुद्दा बरोबर आहे." आणि त्याने ती सुरुवात बदलली.

मग परीक्षणं यायला लागली. इंटरनेटवरच्या एका रॉकवेड्याने इंग्रजीत लिहिलं की या गायकाला राग येतो हे स्पष्ट आहे, पण मराठीत तो फारच सभ्य वाटतो. एका मराठी दैनिकात आलं, "शब्द चांगले असावेत. ते ऐकू आले असते तर निश्चित सांगता आले असते." एका छोट्या मासिकाच्या संपादकाने ही सारी बंडखोरी पगारदार माणसाची आहे असा ठपका ठेवला. प्रसेनला तो एवढा पटला की तो त्यांच्या घरी जाऊन भेटून आला. "पगारदार म्हणजे नेमकं कुठल्या कडव्यात?" असं याने विचारल्यावर संपादकांनी आतून सांगायला लावलं की ते घरी नाहीत. ते समोरच बसले होते म्हणे.

प्रत्येक परीक्षणाचे प्रसेन बग करायचा. बग दुरुस्त झाले की नवीन व्हर्जन काढायचा, आणि नवीन व्हर्जन निघालं की जुनं बाजारात राहता कामा नये, अशी त्याच्या धंद्यातली शिस्त. त्यामुळे तो मोटरसायकलवरून शहरभर फिरून लोकांच्या सीडी बदलून द्यायचा. ओळखीचे लोक याला बघून दार लावायचे नाहीत, सीडी हातात घेऊनच उघडायचे. आमच्या शेजारच्या बाईंनी कबुतरं येऊ नयेत म्हणून आपली सीडी बाल्कनीत दोऱ्याला टांगली होती. प्रसेनने स्टुलावर चढून ती सोडवली आणि त्याच दोऱ्याला नवीन बांधली. बाईंनी मला विचारलं, "कबुतरांनासुद्धा लेटेस्टच लागतं का हो?"

कुणी स्तुती केली की मात्र हा बावरायचा. एका कॉलेजच्या मुलांनी त्याला घेरून सांगितलं की अल्बम एक नंबर आहे, काही बदलू नका. त्या संध्याकाळी हा आमच्याकडे येऊन खिडकी ते दार, दार ते खिडकी असा चालत राहिला. चहा दिला, तो निम्मा प्यायला आणि कप बुकशेल्फवर ठेवला. "सर, तुम्ही ऐका. नीट ऐका. तुम्हाला तरी काहीतरी सापडेल."

"अरे, पण लोकांना आवडलं तर बिघडलं काय?"

"आवडलं म्हणजे संपलं ना, सर."

मला वाटलं, कलावंताची अस्वस्थता असेल. नाटकवाल्यांची बघितली होती, ती बहुधा पुरस्कार मिळाला की बरी होते. मी ऐकलं आणि मला सापडलं. अर्थात ते सापडायला माझी गरज नव्हती, सगळ्याच परीक्षणांत ते होतं. सहावं गाणं, 'दुसरी पाळी'. कारखान्यातून सायकलने घरी येणाऱ्या माणसाचं गाणं. शब्द इतके साधे की मला मनातून हेवा वाटला. त्यात कॉम्प्युटरचे ड्रम नव्हते, खरी ढोलकी होती, आणि ती ढोलकी मागे पडायची. सुरुवातीला बरी चालायची, मग एखादा ठेका उशिरा यायचा, आणि तिच्यासाठी गिटारही थांबायची, गाणाराही थांबायचा. 'वाद्यवृंद एकमेकांची वाट पाहत असल्यासारखा वाटतो,' असं एकाने लिहिलं होतं. बरं, हे गाणं प्रत्येक व्हर्जनमध्ये नव्याने रेकॉर्ड झालेलं असायचं. बाकीची गाणी सुधारत चालली होती आणि हे मात्र दर वेळी आणखी रेंगाळायचं. आपल्या आवाजातला केसाएवढा फरक पुसणाऱ्या माणसाला ही ढोलकी ऐकू येत नाही, हे मला पटेना.

माझी बायको सुलभा फटकळ नाही. तिने सहज सुचवलं, "प्रसेन, एखादा चांगला ढोलकीवाला का बघत नाहीस? खडकीत कितीतरी असतील."

त्याने किल्ली उचलली. "नको, काकू," म्हणाला आणि दार आपटून गेला. तो उद्धटपणे वागलेला आम्ही तेवढाच पाहिला. सुलभाला वाईट वाटलं आणि मला राग आला. चुका काढा म्हणून मागे लागायचं आणि काढली की दार आपटायचं, हा कुठला न्याय?

पुढच्याच रविवारी कुरियरवाला याचं गिटारच्या तारांचं पाकीट आमच्याकडे टाकून गेला. ते द्यायला मी वर गेलो. खरं म्हणजे दोन शब्द सुनावायलाच गेलो होतो. दार नुसतं लोटलेलं होतं. आतून 'दुसरी पाळी' ऐकू येत होतं, म्हणून मी पाकीट हातात घेऊन मागच्या खोलीच्या दाराशी थांबलो.

गाद्यांच्या मधोमध खुर्चीवर डोंगरे बसले होते. मांडीवर ढोलकी. अंघोळ झालेली, दाढी केलेली, इस्त्रीचा पांढरा शर्ट, मनगटावर घड्याळ. त्यांना अर्धांगाचा झटका येऊन गेला होता हे मला माहीत होतं, डावी बाजू जवळजवळ गेली होती. ते जिना उतरत नाहीत, कुणाशी बोलत नाहीत, दिवसभर भिंतीकडे तोंड करून पडून असतात, एवढंच आम्ही ऐकून होतो. त्यांचा उजवा हात ठेका धरत होता. डावा हात उचलला जायचा, हवेत थांबायचा, आणि मग पडायचा. समोर प्रसेन जमिनीवर मांडी घालून बसला होता. हो, बसला होता, आणि एवढ्या वेळात त्याने एकदाही पाय हलवला नाही. गिटारवर बोटं होती, पण नजर बाबांच्या डाव्या हातावर. तो हात हवेत थांबला की हाही श्वास धरून थांबायचा, आणि हात पडला की पुढचा शब्द म्हणायचा.

गाणं संपलं. डोंगऱ्यांनी घाम पुसला. "पास का रे?"

"नाही, बाबा. रिजेक्ट."

"कुठं?"

"दुसऱ्या कडव्यात मागे पडलात."

"मले वाटलंच होतं," डोंगरे म्हणाले. त्यांना वाईट वाटलेलं मुळीच दिसलं नाही. "पुढच्या रविवारी रीवर्क करू. माल रिजेक्ट झाला तं रडत नाही बसायचं, रीवर्क करायचं. कारखान्यात बी आमी तेच सांगत होतो." मग त्यांचं माझ्याकडे लक्ष गेलं. "या सर, जय भीम. काम चालू हाये."

मी पाकीट दिलं आणि सुनावायचे दोन शब्द तसेच घेऊन खाली निघालो. प्रसेन माझ्यामागे जिन्यापर्यंत आला.

"डॉक्टरांनी हातात धरायला रबरी बॉल दिला होता," तो म्हणाला. "तो त्यांनी खिडकीतून फेकला. व्यायाम शिकवायला माणूस यायचा, त्याच्याशी बोलायचेच नाहीत. आई होती तेव्हा खडकीला त्यांची गायन पार्टी होती, सर. जयंतीला ढोलकी बाबांचीच. मी सहज म्हटलं, एका गाण्यात वाजवता का, तर उठून बसले. आता शुक्रवारपासून तयारी असते. शर्ट काढून ठेवतात, मला दाढीचं पाणी गरम करायला लावतात. डावा हात मांडीवरून उचलला जात नव्हता, आज बघितलात ना?"

"बघितला."

"मग अल्बम फायनल करून कसं चालेल?" त्याने वळून मागच्या खोलीकडे बघितलं. "लोक चांगलं म्हणायला लागले की मला रात्री झोप लागत नाही. रविवार गेला तर हा माणूस परत भिंतीकडे तोंड करेल, सर."

मी मान हलवली आणि खाली येऊन सुलभाला सांगितलं. त्यानंतर दर रविवारी आमच्याकडे कुकर साडेअकराला लागायला लागला.

आणि मग ज्याची भीती होती तेच झालं. मुंबईच्या एका इंग्रजी मासिकात 'आळंदी रोड'वर पान भरून परीक्षण आलं. लिहिणारा मोठा माणूस, सहसा कुणाला दारात उभं न करणारा. त्याने पाचपैकी चार तारे दिले होते आणि सगळ्यात जास्त लिहिलं होतं ते सहाव्या गाण्यावर. ही ढोलकी कचरते, थांबते आणि अख्खं गाणं तिच्यासाठी थांबतं, असं काही आपण आजवर ऐकलं नाही, या गाण्याला कुणी हात लावू नये, असं त्याने स्वच्छ लिहिलं होतं. आठवड्यात एका रेकॉर्ड कंपनीचा फोन आला. अल्बम आहे तसा त्यांना काढायचा होता.

दुसऱ्याच्या घरी पेढे वाटले असते. प्रसेन गच्चीवर फेऱ्या मारत होता. मी आणि सुलभा वर गेलो.

"नाही म्हणून कळवतो," तो म्हणाला.

"वेडा आहेस का?" सुलभा म्हणाली. "एवढी वर्षं घातलीस. अल्बम देऊन टाक त्यांना. तुझा रविवार कुणी मागितलाय?"

"काकू, तुम्ही बाबांना ओळखत नाही. जन्मभर तपासणी केलीय. पास झालेल्या मालाला परत हात लावायचा नसतो, हा त्यांचा नियम आहे. पास झालं म्हटलं की ढोलकी गवसणीत घालतील आणि झोपतील."

"मग पास झालं म्हणूच नकोस."

"मासिक बघितलंय त्यांनी. तारे मोजलेत."

शेवटी सुलभाने त्याला कंपनीला हो कळवायला लावलं. बाबांचं काय करायचं ते आमच्या तिघांपैकी कुणालाच माहीत नव्हतं.

दोनेक दिवसांनी संध्याकाळी दारावर थाप पडली. उघडलं तर डोंगरे. इस्त्रीचा शर्ट घालून, उजव्या हाताने कठडा धरत, झटक्यानंतर पहिल्यांदा ते जिना उतरले होते. काखेत मासिक. मागे प्रसेन, चेहरा पांढराफटक. मी त्यांना खुर्ची दिली. त्यांनी मासिक माझ्यासमोर उघडून ठेवलं.

"सर, हे वाचून दाखवा. कारखान्याचं इंग्रजी मले येते, हे नाही येत. पोरगा नुसतं चांगलं आलंय म्हणते. चांगलं आलंय तं पाचातले चारच काहून? एक तारा कापला ना? कशापायी कापला ते सांगत नाही."

मी परीक्षण वरून खाली वाचलं. तारा का कापला ते त्यात कुठेही नव्हतं. समीक्षक पाचवा तारा कुणालाच देत नाहीत, तो त्यांना जपून ठेवायचा असतो. हे मला माहीत आहे, मी स्वतः तेच करतो. पान भरून फक्त स्तुती होती, आणि त्या स्तुतीत बसलेला माणूस माझ्यासमोर डावा हात मांडीवर ठेवून उत्तराची वाट बघत होता. 'ही माझ्या ऐकण्यातली सर्वात प्रामाणिक ढोलकी आहे,' असं तिथे छापलेलं होतं. ते त्याला वाचून दाखवावं असं मला फार वाटलं. सुलभा स्वयंपाकघराच्या दारात उभी होती. प्रसेनकडे मी बघितलंच नाही.

"हे इथे आहे," मी त्या ओळीवर बोट ठेवलं. "म्हणतात, बाकीची गाणी पास आहेत. सहाव्या गाण्यात ढोलकी दुसऱ्या कडव्याला मागे पडते. तेवढ्यासाठी एक तारा कापलाय. ते गाणं परत करावं लागेल, असं लिहिलंय."

डोंगऱ्यांनी त्या ओळीकडे वाकून पाहिलं. मग डावा हात उचलला, हवेत धरला, त्याची बोटं एकदा मिटून उघडून बघितली.

"बराबर आहे," ते म्हणाले. "जाणता माणूस दिसते. याने सांगितलं नाही मले, भिडस्त आहे." ते उठले. प्रसेन धरायला पुढे झाला, त्याला त्यांनी हातानेच मागे सारलं. दारापर्यंत गेले आणि वळले.

"सर, तुम्ही लिहिता-वाचता. त्या साहेबाले एक कळवाल?"

"कळवतो ना. काय लिहू?"

"लिहा, डोंगरेले चूक मान्य आहे. काम चालू आहे म्हणा. थोडा वेळ लागेल."